जादूचं खनिज कसं घडवावं: विदर्भातल्या नव्या कल्पनारम्य लेखकांसाठी

गावात राहून कल्पित जगाच्या गोष्टी लिहिणारी मुलं-मुली आता बरीच आहेत. कुणी मोबाइलवर लिहितं, कुणी वहीच्या मागच्या पानावर राज्यांचे नकाशे काढतं. त्यांच्या गोष्टीत जादूचा दगड हमखास असतो. बहुतेक वेळा तो निळा चमकतो, बर्फाच्या डोंगरातल्या गुहेत सापडतो आणि नायकाच्या हाती आला की सांगाल ते करतो. असा दगड दुसऱ्या प्रकरणापर्यंत टिकत नाही. त्याला जमीन नसते, वजन नसतं, तो कुणी खणून काढलेला नसतो.

हा लेख त्या मुलामुलींसाठी आहे. पुसद असो, वरुड असो, तुमसर असो की सिरोंचा, तुमच्या गावात बसूनच हे सगळं करता येतं. समजायला सोपं जावं म्हणून मी सोबत एक खनिज घडवत जातो. त्याचं नाव थांबगार. ते काळवतीच्या खोऱ्यात मिळतं, आणि हे खोरं कुठल्याही खऱ्या नकाशावर नाही. थांबगार तुमच्या गोष्टीत घेऊ नका. तो घडवण्याची रीत तेवढी घ्या.

पायरी १: आधी पायाखालची जमीन बघा

जादू काय करायची ते नंतर ठरवा. आधी दगड कुठल्या जमिनीत सापडतो ते ठरवा. यासाठी विदर्भाच्या लेखकाला दूर जावं लागत नाही, कारण आपल्याकडे पूर्व आणि पश्चिम अशा दोन अगदी वेगळ्या जमिनी आहेत.

बुलडाणा, अकोला, वाशीम, अमरावती आणि यवतमाळचा बराच भाग काळ्या पाषाणावर, म्हणजे बेसाल्टवर बसलेला आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा थरावर थर वाहत आला आणि थिजला. आपली काळी जमीन त्याच दगडाच्या झिजेतून आली. लाव्हा थंड होताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले. पुढे त्या पोकळ्यांत पाणी झिरपलं आणि पाण्यातली खनिजं आत जमत गेली. विहीर खोदणाऱ्यांना हे पुस्तकाशिवाय ठाऊक असतं. वर माती, मग मुरूम, मग मांजऱ्या, मग काळा पाषाण. मांजऱ्यात पांढरे ठिपके दिसतात ते भरलेले बुडबुडे. कधी सब्बल एखाद्या मोठ्या पोकळीवर बसते, दगड उकलतो आणि आत गारेचे, म्हणजे क्वार्ट्झचे, टोकदार खडे चारी बाजूंनी आतल्या दिशेने वाढलेले दिसतात. कोट्यवधी वर्षं त्या जागेत उजेड गेलेला नसतो. कुदळ धरलेला माणूस तो पहिल्यांदा बघतो. हा क्षण गोष्टीत वापरायचा राहून गेला तर मला वाईट वाटेल.

नागपूरच्या पुढे पूर्वेला निघालात की जमीन बदलते. नागपूर-भंडाऱ्याच्या पट्ट्यात मनसर, गुमगाव, चिखला, डोंगरी बुजुर्ग इथे मॅंगनीजच्या खदानी आहेत. वर्धा नदीच्या खोऱ्यात वणी, चंद्रपूर, बल्लारपूरकडे कोळसा. गडचिरोलीत सुरजागडला लोहखनिज. भंडाऱ्यात कायनाइट, चंद्रपूर जिल्ह्यात फ्लोराइट ही खनिजं. या भागातले कितीतरी खडक पश्चिमेच्या लाव्ह्यापेक्षा फार फार जुने आहेत.

आणि लोणार. बुलडाणा जिल्ह्यातलं हे सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं विवर उल्का आदळून झालं, तेही थेट बेसाल्टमध्ये. तिथे मास्केलिनाइट मिळतं. आदळण्याच्या दणक्याने स्फटिकाची आतली रचनाच मोडली आणि त्याचं काचेसारखं खनिज झालं, ते हे. तलावाचं पाणी खारं आणि अल्कधर्मी आहे. जून २०२० मध्ये ते गुलाबी झालं आणि कारण निघालं मिठात वाढणारे सूक्ष्मजीव. उल्का, काच, खारं पाणी, एका महिन्यात बदललेला रंग. ज्याला गोष्ट लिहायची आहे त्याने लोणार एकदा तरी पाहून यावं.

माणसाचा हात या दगडांना लागला त्यालाही फार काळ लोटला. नागपूरजवळ महुरझरीला लोहयुगातल्या शिळावर्तुळांसोबत गारेच्या जातीच्या रंगीत दगडांचे मणी मिळाले. नागपूर जिल्ह्यातच नायकुंडला लोखंड गाळण्याची भट्टी उत्खननात सापडली. दगडातून वस्तू काढणारे कारागीर आपल्या मुलखाला नवीन नाहीत.

आता तुम्ही करायचं ते असं. गावात कुठे विहिरीचं काम चालू असेल तर तिथे जा आणि बाहेर पडलेला ढिगारा बघा. नाल्याच्या कापलेल्या काठावर थर मोजा. गिट्टी खदानीत परवानगीशिवाय आणि सुरुंगाच्या वेळी जाऊ नका. जुन्या, पाणी भरलेल्या खदानीच्या काठाशी तर मुळीच नाही. आणलेला दगड चुलीत टाकून बघायचा मोह होईल, तोही टाळा. आत अडकलेल्या पाण्याची वाफ झाली की दगड फुटून डोळ्यात उडतो.

थांबगारासाठी मी पश्चिमेची जमीन घेतली. तो दोन लाव्ह्यांच्या थरांमधल्या पोकळ्यांत मिळतो, साधारण दहा पुरुष (म्हणजे दहा माणसं एकावर एक उभी राहतील एवढ्या) खोलीवर. म्हणजे तो खदानीत मिळत नाही, शेतातल्या विहिरीत मिळतो. आणि विहीर एवढी खोल कधी नेतात? पाणी आटलं की. त्यामुळे काळवतीच्या खोऱ्यात थांबगार दुष्काळाच्या वर्षी निघतो. चांगल्या पावसाच्या वर्षी कुणी एवढं खोल खणत नाही. बघा, अजून जादूचा एक शब्द आला नाही आणि गोष्ट सुरू झाली: पाणी शोधायला उतरलेल्या माणसाला दगड मिळाला.

पायरी २: दगडाला एकच काम द्या

उडवणं, बरं करणं, शत्रू जाळणं, भविष्य सांगणं, सगळं एकाच दगडाकडे दिलंत तर पुढच्या प्रत्येक अडचणीला वाचक म्हणेल, दगड काढ ना खिशातून. एक काम द्या आणि त्याच्या हद्दी आखून द्या.

काम सुचत नसेल तर खऱ्या दगडांकडे बघा. अमावस्येच्या रात्री दोन पांढऱ्या गारगोट्या एकमेकींवर जोरात घासा. दगडाच्या आत पिवळसर उजेड लुकलुकतो आणि जळका वास येतो. काही जातीचं फ्लोराइट तापवलं की अंधारात चमकतं. झिओलाइट नावाची खनिजं आपल्या बेसाल्टच्या पोकळ्यांत होतात, आणि ती तापवली की पाणी सोडतात, थंड झाली की हवेतली ओल परत ओढून घेतात. निसर्गाने निम्मं काम केलेलं आहे. तुम्ही त्याला थोडं पुढे न्यायचं.

थांबगार मला झिओलाइटवरून सुचला. त्याचं काम एवढंच: जवळच्या जिवंत वस्तूचं पिकणं, वाढणं, नासणं मंद करणं. हद्दी अशा:

सुपारीएवढ्या खड्याचा असर वीतभर. मोठ्या खड्याचा जास्त, पण एका हातापलीकडे कुठल्याच खड्याचा नाही.

वरून पडणारा दगड, जळणारी वात, वाहणारं पाणी यांना तो थांबवत नाही. फक्त जे वाढतं आणि सडतं त्याला.

तो कोरडा असेल तरच जागा असतो. ओला झाला की निजतो, आणि कडक उन्हात तीन दिवस वाळवल्याशिवाय उठत नाही.

या तिसऱ्या नियमाने माझं निम्मं काम हलकं केलं. जमिनीत ओलीत असताना तो निजलेला, म्हणून हजारो वर्षं कुणाच्या लक्षात आला नाही. मृगापासून चार महिने बाजारात त्याला भाव नाही. चोराला शोधायचं तर आभाळाकडे बघायचं. तुमच्या खनिजालाही असा एक नियम द्या जो ऋतूला बांधलेला असेल. आपल्याकडे ऋतू माणसाचं सगळं वेळापत्रक ठरवतात. मग दगडाचं का ठरवू नयेत?

पायरी ३: खरा कसा ओळखायचा ते लिहून काढा

खनिज ओळखण्याच्या साध्या कसोट्या आहेत, आणि त्या शिकायला पैसे लागत नाहीत. कठीणपणा १ ते १० अशा मापाने मोजतात. ते माप फ्रीडरिश मोस यांनी १८१२ मध्ये मांडलं. नखाने चरा उठला तर दगड अडीचच्या खाली. चाकूने उठला तर साधारण साडेपाचच्या खाली. गार सातवर आहे, ती काचेवर चरा पाडते. दुसरी कसोटी कस. घरात बसवून उरलेली पांढरी टाइल उलटी करा, मागच्या खरखरीत बाजूवर दगड ओढा आणि उमटलेल्या रेषेचा रंग बघा. हेमेटाइट नावाचं लोहखनिज वरून काळं दिसो की लाल, त्याची रेष तांबूस तपकिरीच उमटते. मॅंगनीजचं पायरोलुसाइट काळी रेष देतं आणि बोटंही काळी करतं. मग वजन, चकाकी, आणि फुटल्यावर सपाट फुटतो की काचेसारखा वाकडा.

तुमच्या खनिजाचा असा पाच ओळींचा दाखला वहीत लिहा. थांबगार राखाडी, मेणासारखी चकाकी, चाकूने चरा पडतो, रेष फिकट निळी, हातात घेतला तर दिसतो त्याहून जड. गारेसारखाच दिसतो म्हणून खोटा माल गारेचा असतो. खोऱ्यातल्या बाया चाकू वापरत नाहीत. त्या सकाळी तोडलेलं पळसाचं फूल खड्याजवळ ठेवतात. सांजेला फूल तसंच असेल तर माल खरा.

हा दाखला सगळा गोष्टीत घालायचा नाही. त्यातलं एखादं वाक्य येईल. पण तुम्हाला माहीत असलं की पात्रं दगड हाताळतात तेव्हा त्यांचे हात बरोबर हलतात.

पायरी ४: खणणाऱ्याला काय मोजावं लागतं

नवे लेखक ही पायरी गाळतात, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची हीच आहे. जादूची किंमत म्हणून ते नायकाला चक्कर आणतात, फार तर नाकातून रक्त. खऱ्या खनिजाची किंमत नायक मोजत नाही, खणणारा मोजतो.

गार असलेल्या दगडाची बारीक धूळ वर्षानुवर्षं छातीत गेली की सिलिकोसिस होतो, फुप्फुसं घट्ट होत जातात आणि ती परत पहिल्यासारखी होत नाहीत. मॅंगनीजची धूळ फार काळ श्वासात गेली तर मेंदूवर परिणाम होतो, चाल अडखळते, हात थरथरतात, चेहरा थिजल्यासारखा होतो. तेच मॅंगनीज पोलादाला मजबुती देतं आणि टॉर्चच्या सेलमध्येही असतं. एकाच दगडाच्या या दोन बाजू आहेत. तुमच्या जादूच्या खनिजालाही दोन्ही हव्यात, आणि दुसरी बाजू पहिलीतूनच निघायला हवी. वरून चिकटवलेला शाप चालत नाही.

थांबगाराचं बघू. तो वाढणं मंद करतो. मग विहिरीतून काढून, उन्हात वाळवून, फोडून, निवडायला बसलेल्या माणसांचं काय होईल? छन्नीने बोट कापलं तर जखम आठवडेच्या आठवडे ओली राहते. नखं वाढत नाहीत. ताप आला तर उतरत नाही. निवडणाऱ्या बाया दिवसभर ढिगापाशी बसतात आणि लेकरू मांडीवर असतं. दोन उन्हाळे गेले तरी त्या लेकराला पहिला दात नाही. शेजारणीचं लेकरू अंगणात पळतं आहे, आणि हे अजून मान धरत नाही. म्हणून खोऱ्यात रीत पडली की निवडायला येणाऱ्या बाईने लेकरू आजीपाशी ठेवून यायचं. जिला सासू नाही, माय नाही, तिने काय करायचं, हा प्रश्न माझ्या गोष्टीचा कणा झाला.

याच ठिकाणी वाचक एक प्रश्न हमखास विचारेल, आणि तुम्ही त्याच्या आधी विचारलेला बरा: मग श्रीमंत माणूस थांबगाराच्या पलंगावर झोपून तीनशे वर्षं जगेल की! जगेल. नियम तोच ठेवा आणि त्याला पुढे नेऊन बघा. त्याचं अन्न पचायला चार दिवस लागतील. त्याचं खरचटलेलं भरणार नाही. त्याला मूल हवं असेल तर ते पोटात किती वर्षं राहील? खोऱ्याच्या मालगुजाराने असा पलंग केला, आणि आता तो पलंगावरून उतरायलाच भितो, कारण थांबलेली सगळी दुखणी उतरल्यावर एकदम चालू होतील. खलनायक मला वेगळा शोधावा लागला नाही.

पायरी ५: माल बाजारात जातो तेव्हा

खणणारा, निवडणारा, विकत घेणारा आणि वापरणारा ही चार माणसं वेगळी ठेवा. एकाच घरात चौघं असतील तर ताण उरत नाही.

वापर शोधताना आपल्या शेतीकडे बघा. वरुड-मोर्शीकडे संत्र्याचे दोन बहार असतात, आंबिया आणि मृग. फळ पिकलं की थांबत नाही. बागवाल्याकडे साठवायची सोय नसेल तर येईल त्या भावाला तोडून द्यावं लागतं, आणि ज्याच्याकडे शीतगृह आहे तो थांबू शकतो. भाव ठरतो तो कोण थांबू शकतं यावर. काळवतीच्या खोऱ्यात शीतगृहाच्या जागी थांबगार ठेवा आणि बघा काय होतं. ज्या शेतकऱ्याच्या विहिरीत खडा निघाला त्याने तो दुष्काळात दाण्यापायी विकला. तो खडा व्यापाऱ्याच्या कोठारात गेला. पुढच्या वर्षी पाऊस चांगला, फळ भरपूर, भाव पडलेला. व्यापारी तेच फळ घेऊन थांबगाराच्या टोपल्यांत ठेवतो आणि उन्हाळ्यात तिप्पट भावाने काढतो. शेतकऱ्याला कळतं की आपल्याच विहिरीतल्या दगडाने आपला भाव पाडला.

तलवारी आणि सिंहासनं लागली तर नंतर येतीलच.

पायरी ६: नावं

यावर फार वेळ घालवू नका. उच्चारायला जड, चार जोडाक्षरांची नावं टाळा. एकाच दगडाला खणणारे एक म्हणतील, व्यापारी दुसरं, वैदू तिसरं. तीन नावं पुरेत.

पायरी ७: पहिलं पान

खनिजाचा इतिहास सांगून सुरुवात करू नका. कुणीतरी दगड हातात घेऊन काहीतरी काम करत असावं. थोडंसं असं:

बाजारात काकीने टोपलीवरचं ओलं फडकं काढलं नाही. पोराने खिशातला खडा काढून तिच्यासमोर धरला.
“काकी, हा खरा हाय ना? मले बाबानं देला.”
काकीने खडा घेतला नाही. तिने पोराच्या हाताकडे पाहिलं. अंगठ्याजवळची जखम लाल, ओली.
“हे कदी लागलं तुले?”
“पोळ्याले.”
पोळा होऊन दोन महिने झाले होते.
“खराच हाय मंग,” काकी म्हणाली. “ठेव तो पान्यात. अन् बाबाले सांग, संध्याकाळी घरी ये म्हनून.”

इथे जादू काय करते हे कुठेच सांगितलेलं नाही. जखमेने सांगितलं. संवादात वऱ्हाडी आली आहे ती पात्रांच्या तोंडची आहे म्हणून. तुमच्याकडे झाडीबोली असेल तर झाडीबोली येऊ द्या, गोंडी किंवा कोलामी घरात बोलत असाल तर त्यातले शब्द येऊ द्या. कल्पित जगातली माणसं पुण्याच्या पुस्तकातलं बोलली पाहिजेत असा नियम कुणी केलेला नाही. निवेदन मात्र सगळ्यांना कळेल असं ठेवा.

पायरी ८: तपासून घ्या

लिहिलेलं पान दोघांना वाचून दाखवा. एक, ज्याने विहिरी खोदल्या आहेत असा माणूस. दुसरी, घर चालवणारी बाई, म्हणजे आई, आजी, काकू कुणीही. मित्रांना नंतर दाखवा, ते जादूवर खूश होतात आणि बाकीचं सोडून देतात. विहीर खोदणारा सांगेल की दहा पुरुषांवर सब्बल एकट्याने चालत नाही, वर दोर धरायला माणूस लागतो, त्याचं नाव काय? आजी विचारेल की त्या बाया दुपारी काय खातात आणि ढिगापाशी ठेवलेली भाकर शिळी होते की नाही. (भाकर मेलेल्या धान्याची आहे, तरी ती नासते, म्हणजे थांबगाराच्या नियमात बसते का? मला हा नियम त्या प्रश्नानंतर नीट लिहावा लागेल. असं काही तुमच्याही वाट्याला येईलच.) वाचताना मध्ये समजावून सांगू नका. ते जिथे “असं कसं?” म्हणतील तिथे पेन्सिलने खूण करा, आणि दुसऱ्या दिवशी तेवढाच भाग पुन्हा लिहा.